अर्धं पाऊल डावीकडे

उद्याच्या चित्रीकरणाचा कागद फोनवर आला तेव्हा यिम क्वोक-तुंग बाजारात मासळीच्या गाळ्यासमोर उभा होता. कपाळावरचा चष्मा नाकावर ओढून त्याने कागद उघडला आणि सवयीप्रमाणे आपलं नाव खालून शोधायला लागला. वरून शोधायला गेलं की उगाच फार नावं वाचावी लागतात, हा चौतीस वर्षांचा अनुभव. खालून दुसऱ्याच ओळीत तो सापडला. डॉक्टर, यिम क्वोक-तुंग, सकाळी साडेसात. इथे थांबायला काही हरकत नव्हती, पण बोट आपलं आपण वर सरकत गेलं आणि वरून दुसऱ्या ओळीवर अडलं. आई, चोई लाय-फोंग ताई, सकाळी सात, गाडी पाठवणे. चोई लाय-फोंग म्हणजे त्याची बायको. एकाच घरातून, एकाच ठिकाणी, अर्ध्या तासाच्या अंतराने दोन माणसं जाणार होती आणि गाडी त्यातल्या एकीला होती. शिवाय ते 'ताई'. ते कुणी जोडलं असेल, याचा तो तिथेच उभा राहून विचार करू लागला. पायाखाली बर्फाचं पाणी वाहत होतं आणि त्याच्या चपला भिजल्या होत्या.

“डॉक्टर, मुंडकं ठेवू का काढू?” मासेवालीने विचारलं.

“ठेव. सूपाला लागतं.”

“आता सूप कोण करणार? बाईसाहेब सिनेमात गेल्या म्हणे.” तिने सुरा फडक्याला पुसला. “आमच्या इमारतीत सगळ्यांना ठाऊक झालंय. तुम्ही शिकवलंत ना त्यांना? घरात मास्तर असल्यावर काय.”

तो हसला. हसणं त्याला कधीही जमतं, तेवढं तर शिकलेलं आहे. पिशवी घेऊन तो निघाला आणि मागून ती शेजारणीला सांगत होती की हेच ते डॉक्टर, टीव्हीवरचे, सासूबाई मेल्या ना, त्या मालिकेतले.

त्याला नावाने कुणी ओळखत नसे. चेहरा मात्र अख्ख्या हाँगकाँगला ठाऊक होता. मिनीबसमध्ये माणसं त्याच्याकडे बघून आठवायला लागत, हा आपल्या मुलाच्या शाळेतला की बँकेतला, आणि मग एकदम चेहरा उजळायचा : अरे, ते डॉक्टर. इन्स्पेक्टर, न्यायाधीश, सावकार, राजवाड्यातला हुजऱ्या, हेही त्याने केले होते, पण लोकांनी धरून ठेवला तो डॉक्टर. शस्त्रक्रियेच्या खोलीचं दार ढकलून बाहेर यायचं, तोंडावरची पट्टी खाली ओढायची, एक श्वास घ्यायचा आणि म्हणायचं, “आम्ही शक्य ते सगळं केलं.” मग बायका हंबरडा फोडायच्या आणि कॅमेरा त्यांच्याकडे वळायचा. इतक्या घरांना त्याने हे वाक्य ऐकवलं होतं की बाजारात कुणी गुडघा दाखवी, कुणी रक्ताचा रिपोर्ट पुढे करी, आणि तोही सवयीने म्हणे, मीठ कमी करा. कधीतरी, अगदी तरुणपणी, त्याने आरशासमोर ते वाक्य अकरा प्रकारांनी म्हणून पाहिलं होतं. श्वास आधी, श्वास नंतर, नजर खाली, नजर मुलावर. दिग्दर्शकाने सांगितलं, दादा, लवकर म्हणा, जाहिरात आहे. तेव्हापासून एकच प्रकार. त्याला जळणं ठाऊक नव्हतं असं मुळीच नाही. त्याच्या बरोबरच्या प्रशिक्षण वर्गातला एक जण आता पेकिंगच्या मालिकांत सम्राटाचं काम करतो, दुसऱ्याने डोंगरावर घर घेतलं. त्यांच्यावर जळायची एक पद्धत बसून गेली होती, पत्ते खेळताना चार मित्रांत वाटून घ्यायची : त्याला सासऱ्याने वर काढला, याला नशिबाने. अशा जळण्याने पोटात दुखत नाही, उलट जेवण जातं. पण घरातल्या, समोर बसून भाताचा वाडगा तोंडाला लावणाऱ्या माणसावर जळायची पद्धत कुणी घालून दिलेली नसते. ते एकट्यानेच करावं लागतं, आणि बायको भाजी वाढत असताना.

आणि दोष कुणाचा, तर त्याच्याच चष्म्याचा. पाच आठवड्यांपूर्वी तो जवळचा चष्मा घरी विसरला. त्याला सिनेमात डॉक्टरचं काम मिळालं होतं, नेहमीचंच, पण निदान सिनेमात. चाचण्या आणि कपड्यांची मापं शेक किप मेईतल्या एका बंद पडलेल्या शाळेत चालली होती. लाय-फोंग वृद्धाश्रमाच्या स्वयंपाकघरात कामाला. दुपारची पाळी संपवून ती तशीच, प्लास्टिकचा अंगरखा पिशवीत कोंबून, चष्मा घेऊन आली. त्याचं माप होईपर्यंत ती जिन्यावर बसली आणि पिशवीतलं संत्रं सोलायला लागली. तोंग हिउ-लाम, दिग्दर्शिका, तेहतीस वर्षांची पोर, जिन्याने वर येत होती ती मध्येच थांबली. संत्रं सोलून होईपर्यंत ती तिथेच उभी होती. मग आत येऊन तिने हळूच विचारलं, “तुंग दादा, त्या जिन्यावर बसल्यात त्या कोण?”

“माझी बायको.”

“त्या काम करतील का? आईचं? तीनच दिवस. मी विचारू की तुम्ही विचाराल?”

“मी विचारतो,” तो म्हणाला. आणि दोन दिवस विचारलं नाही. तेव्हा त्याला वाटलं की आपण विसरलो. तिसऱ्या दिवशी हिउ-लामचा फोन आला तेव्हा नाइलाजाने, भांडी विसळता विसळता, तिच्या पाठीला सांगितलं : “त्यांना मरायला एक म्हातारी हवीय. पडून राहायचं फक्त. मेलेल्याला पैशांचं लाल पाकीट मिळतं.” ती हसली आणि म्हणाली, मग आमच्या आश्रमात विचार की, रांग लागेल. पण नाही म्हणाली नाही. त्याला खात्री होती की ती नाही म्हणेल. बत्तीस वर्षांपूर्वी ती स्टुडिओच्या कपडेपटात बटणं लावायची, तिथूनच तर त्याने तिला आणली. तेव्हा एकदा गर्दीत उभं राहायला माणसं कमी पडली तर ती इस्त्रीच्या टेबलाखाली लपून बसली होती. ती हीच बाई.

संवाद पाठ करून घ्यायचं काम साहजिकच त्याच्याकडे आलं. जेवणाच्या टेबलावरचं प्लास्टिक पुसून ते समोरासमोर बसायचे आणि तो मुलीचं बोलायचा, ती आईचं. ती काहीच करत नसे. वाचायची, जशी पाण्याच्या बिलावरची तारीख वाचावी. त्याला बरं वाटलं. “आवाज उचल,” त्याने शिकवलं, “शेवटच्या शब्दावर श्वास तोड, हे बघ असा.” ती निमूटपणे श्वास तोडायची. पहिल्या दिवशीच्या दृश्यात तिने तसाच तोडला आणि हिउ-लाम तिच्या शेजारी जाऊन बसली, तिच्या कानाशी काहीतरी बोलली. दुसऱ्या खेपेला लाय-फोंगने मुलीला इतकंच विचारलं की जेवलीस का, आणि ध्वनिमुद्रण करणाऱ्या दांडग्या माणसाने कानावरचं यंत्र काढून डोळे पुसले. “ते श्वासाचं कुणी शिकवलं होतं तुम्हाला?” हिउ-लामने हसत विचारलं. लाय-फोंग म्हणाली, “टीव्हीवर बघितलेलं.” तो चार हातांवर उभा होता. तिने त्याला वाचवलं म्हणून त्याने कृतज्ञ व्हायला हवं होतं आणि त्याच्या मनात मात्र आलं : टीव्हीवर म्हणे. आयत्या बिळावर नागोबा. चौतीस वर्षं आम्ही वेशीवर उभे राहिलो, टाचा उंचावून, आणि ही संत्रं सोलत आत गेली. सिनेमाच्या आरंभाला पूजा झाली होती तेव्हाही असंच. भाजलेलं अख्खं डुक्कर टेबलावर, सगळ्यांच्या हातात उदबत्त्या, आणि डुक्कर कापायच्या सुरीला मुख्य माणसांनी हात लावायचा हा रिवाज. हिउ-लामने लाय-फोंगचं मनगट धरून तिला पुढे ओढलं. तिने सुरीला हात लावला, स्वयंपाकघरातली बाई, तिने सुरी अशी सफाईने चालवली की सगळे हसले आणि टाळ्या वाजल्या. तो मागच्या रांगेत होता. त्याच्या उदबत्तीची राख त्याच्याच बोटावर पडली. चौतीस वर्षांत त्याने किती डुकरं पाहिली, आणि एकाही सुरीला त्याचा हात लागला नव्हता.

कागद आला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ती गाडीने गेली. “चल की बरोबर,” ती म्हणाली होती, “गाडी काय एका माणसाची असते?” त्याने सांगितलं की त्याला वाटेत काम आहे. काम नव्हतं. तो मिनीबसने गेला, चढाव चढून, आणि पोहोचला तेव्हा ती आधीच खाटेवर होती, शाळेच्या चौथीच्या वर्गात, जिथे आता रुग्णालय उभं केलं होतं. तिचे केस विस्कटून पांढरे केले होते. त्याला पाहून तिने पांघरुणाखालून बोटं हलवली. दृश्य सरळ होतं. आई खाटेवर, मुलगी तिच्या कानाशी बोलते आहे, आई जाते. मग डॉक्टर पुढे होतो, आपल्या खुणेवर उभा राहतो, मनगट बघतो, वाक्य म्हणतो. कॅमेरा मात्र सगळा वेळ आईच्या चेहऱ्यावर, हळूहळू जवळ जात, एका दमात, कुठेही न कापता. खिडकीबाहेर मोठा दिवा उभा केला होता, त्याचा उजेड पडद्यातून गाळून तिच्या गालावर पडत होता. डॉक्टरची खूण म्हणजे जमिनीवर चिकटवलेली लाल पट्टी. त्याने ती पाहिली आणि न मोजताच त्याला कळलं की इथून अर्धं पाऊल डावीकडे गेलं तर खिडकी झाकली जाईल. हे कळायला डोकं लागत नाही. गर्दीतला पोलीस असताना पहिल्याच दिवशी दिवेवाल्याने शिवी हासडून शिकवलेलं असतं की दुसऱ्याच्या उजेडात यायचं नाही, आणि मग ते पायालाच समजतं. चौतीस वर्षांत तो कुणाच्या उजेडात आला नव्हता. त्याच्याबद्दल चांगलं बोलायचं झालं तर लोक हेच बोलत.

तो स्वतः एकतीस वेळा मेला होता. गोळीने, तलवारीने, विषाने, एकदा भुताने. छाती वर यायची, डोळे ताणायचे, मान पडायची. मेल्यावर लगेच डोळे उघडून कॅमेऱ्याकडे बघून हसायचं, म्हणजे खोटं मरण खोटंच राहतं. आणि निर्मात्याच्या माणसाकडून अपशकुन उतरवायचं लाल पाकीट घ्यायचं आणि ते घरी न नेता त्याच दिवशी खर्च करायचं. मरणातलं असं त्याला सगळं ठाऊक होतं. पण त्या खाटेवर जे झालं ते त्याला ठाऊक नव्हतं. मुलगी काहीतरी सांगत होती, गावाकडच्या घराला रंग दिल्याचं, आणि लाय-फोंग ऐकत होती. आणि बोलणं चालू असतानाच तिचं ऐकणं थांबलं. डोळे उघडेच होते, अंगाचं काही हललं नाही, पण आता ती ऐकत नव्हती, हे खोलीतल्या प्रत्येकाला कळलं. मग डोळे मिटले. मुलीचं काम करणाऱ्या नटीचा आवाज अडखळला, तो खरंच अडखळला. क्वोक-तुंगच्या हातांवर काटा आला. त्याला जाणवलं की हे आपल्या जन्मात आपल्याला करता आलं नाही आणि येणारही नाही, आणि ज्या बाईला आपण श्वास तोडायला शिकवत होतो तिला हे सकाळी साडेआठला, चहासुद्धा न पिता आलं. तो पुढे झाला. खुणेवर आला. आणि मग अर्धं पाऊल डावीकडे. पाय घसरला नाही, तोल गेला नाही. त्याने पाय उचलला आणि ठेवला. तिचा चेहरा विझला. मनगट धरून तो म्हणाला, “आम्ही शक्य ते सगळं केलं,” आणि त्याचा स्वतःचा आवाज त्याला फार चांगला वाटला.

“थांबा,” हिउ-लाम म्हणाली. चित्रीकरण दाखवणाऱ्या छोट्या पडद्यामागून ती बाहेर आली, गोंधळलेली. “तुंग दादा...?” पुढचं ती बोलली नाही, कारण अशा माणसाला काय बोलणार. दिवेवाला खिडकीतून डोकावला. सगळी खोली त्याच्या पायांकडे बघत होती.

तेवढ्यात लाय-फोंगने डोळे उघडले. आधी कॅमेऱ्याकडे बघून हसली, रिवाजाप्रमाणे. मग कोपरावर उठत म्हणाली, “चुकलं माझं. माझ्या पापण्या फडफडायला लागल्या. इतका उजेड, काय करू, नवखी आहे मी. त्यांनी बघितलं आणि आडवे आले. नाहीतर मेलेली म्हातारी डोळे मिचकावतेय असं दिसलं असतं.”

खोलीतला ताण उतरला. कुणीतरी हसलं. “म्हणून जुनं माणूस जवळ असावं,” दिवेवाला म्हणाला. हिउ-लामने दोन्ही हात जोडल्यासारखे केले. “दादा, मला दिसलंच नाही बघा पडद्यावर. तुमची नजर.” टाळ्या पडल्या, थोड्याच, पण पडल्या. त्याने मान झुकवली. मग पुन्हा एकदा झालं. तो खुणेवर राहिला, तिच्या पापण्या मुळीच हलल्या नाहीत, सगळं नीट झालं आणि हिउ-लाम म्हणाली, सुंदर. सुंदर होतंच. फक्त या खेपेला तिचं ऐकणं बोलण्याच्या मध्ये थांबलं नाही, शेवटी थांबलं. हे त्याच्याशिवाय कुणाला कळलं असेल असं वाटत नाही.

निर्मात्याच्या माणसाने तिला पाकीट दिलं तेव्हा ती म्हणाली, चल, हे संपवून टाकू. कोपऱ्यावरच्या चहाच्या हॉटेलात ते भिंतीकडेला बसले. दूध घातलेला कडक चहा, लोण्याची जाड वडी घातलेले, अननसाच्या सालीसारखे वर भेगाळलेले गोड पाव, वर तिने अंड्याचा गोड टार्ट मागवला, आणखी एक. क्वोक-तुंगला सडकून भूक लागली होती. कित्येक आठवड्यांत त्याला इतकं हलकं वाटलं नव्हतं. जे केलं ते केलं, पण त्याचं भलतंच फळ निघालं होतं. म्हणजे चुकली होती ती. उजेडात पापणीसुद्धा स्थिर ठेवता येत नाही हिला. शेवटी धंदा तो धंदा, तो संत्रं सोलून येत नाही. त्याला तिच्याबद्दल माया दाटून आली, खरीच माया, आणि पावाचा तुकडा मोडता मोडता तो शिकवायला लागला.

“पापण्यांची एक युक्ती असते. मिटल्या डोळ्यांनी आत खाली बघायचं, आपल्याच नाकाच्या शेंड्याकडे. बुबुळ खाली राहिलं की पापणी हलत नाही. आम्हाला पहिल्या वर्षी शिकवलेलं.”

“हो का,” ती म्हणाली.

“आणि दात आवळायचे नाहीत. सगळे दात आवळतात. तू आवळले असशील.”

“असतील.” तिने ओठाला लागलेलं लोणी पुसलं. “म्हणजे कसं? असं?” आणि पाठ टेकून, डोक्यावरच्या नळीच्या दिव्याकडे तोंड करून तिने डोळे मिटले.

तो बघत राहिला, आधी मास्तरासारखा. शेजारच्या टेबलावर कुणी खुर्ची ओढली, ती करकरली. स्वयंपाकघरात थाळ्या आदळल्या. तिच्या पापण्या हलल्या नाहीत. नळीचा दिवा अधूनमधून लुकलुकत होता आणि तो लुकलुकणारा उजेड थेट त्या दोन पापण्यांवर पडत होता, पातळ, निळसर शिरा असलेल्या पापण्यांवर, आणि त्या हलत नव्हत्या. तो वाट बघू लागला. आता हलतील. माणसाच्या हलतातच. त्याने चमचा कपावर वाजवला, जरा जोरातच. काही नाही. चहा घेऊन आलेली बाई थबकली, तिने एकदा लाय-फोंगकडे आणि एकदा त्याच्याकडे पाहिलं आणि ओळखलं. “अहो, तुम्ही ते डॉक्टर ना? बघा की यांना काय होतंय.”

“फोंग,” तो म्हणाला. त्याने चमचा खाली ठेवला. “पुरे.”

तिने डोळे उघडले. चहावाल्या बाईला म्हणाली, “काही नाही हो, दमलेय जरा,” आणि बाई गेल्यावर कप पुढे ओढून त्यात साखर घातली. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. राग असता तर त्याला काहीतरी म्हणता आलं असतं.

“हलल्याच नव्हत्या,” तो म्हणाला.

“नाही.”

“तुला कळलं होतं.”

“पाऊल ऐकू येतं ना. तुझं पाऊल मला कळत नाही?” ती ढवळत राहिली. “मग काय करणार होते? सगळे तुझ्या पायाकडे बघत होते. मला नाही बघवलं.”

मग त्याला दिसलं की सकाळी त्या खाटेवर कोपरावर उठून ती जे बोलली, ते अडखळणं, ते ओशाळं हसू, तेही तिने केलेलं होतं. आणि चार हातांवर उभं राहून, चौतीस वर्षांच्या अनुभवाने, त्यानेही ते खरं मानलं होतं. दिवेवाल्याने मानलं, हिउ-लामने मानलं, ते सोडा. त्याने मानलं आणि वर भूक लागली म्हणून दोन पाव खाल्ले.

“कुठे शिकलीस?” त्याने विचारलं. त्याला टोमणा मारायचा होता, पण आवाज नुसताच निघाला.

“काय, पापण्या?” तिने खांदे उडवले. “घरीच. तू कामं मागून परत यायचास आणि काही मिळालेलं नसलं की दारातच उभा राहायचास, बूट न काढता. मी जागी दिसले असते तर तुला सांगावं लागलं असतं. मग मी पडून राहायची. तू दिवा लावून बघायचास, झोपलीय का.”

“नेहमी?”

“नेहमी कशाला. काम मिळालेलं असलं की तुझी किल्ली वेगळी वाजायची. तेव्हा उठून सूप गरम करायची.”

त्याला ती खोली आठवली, आणि दिव्याची दोरी ओढून आपण खाटेपाशी उभे आहोत, वाकून तिच्या तोंडाकडे बघतो आहोत. बरं झालं, झोपलीय. असं तो दर वेळी मनाशी म्हणायचा आणि दिवा मालवायचा. किती वर्षं. एकदाही शंका आली नव्हती. समोर लाय-फोंगने पाकिटातली उरलेली नोट काढून टेबलावर सरळ केली आणि अजून काय मागवायचं ते भिंतीवरच्या पाटीवर वाचायला लागली. त्याने मान खाली घातली. लाज वाटलीच त्याला, कानापर्यंत वाटली. पण लाजेच्या आधी, अगदी पहिल्यांदा, त्याच्या मनात जे आलं ते हेच, की इतकं चांगलं काम आपल्याला एकदाही जमलं नाही.